बाबांची लवकरची तारीख

जिल्ह्याच्या कोर्टाच्या फाटकासमोर, झेरॉक्सच्या दुकानाला लागून माझं टेबल आहे. एक कॉम्प्युटर, एक प्रिंटर आणि येणाऱ्याला बसायला एक प्लास्टिकची खुर्ची, जिचा पाय मी दोनदा तारेनं बांधलाय. वकील लोक मजकूर सांगतात किंवा कागदावर खरडून देतात, मी टाइप करते. वीस वर्षं झाली या कामाला. माझी जीभ तिखट आहे हे आवारातल्या सगळ्यांना माहीत आहे, त्यामुळे माझ्याशी घासाघीस कोणी करत नाही. अर्ज चुकला तर मात्र माझ्याच नावानं बोंब मारतात.

रोजचे अर्ज माझ्याकडे तयारच असतात. मुदतवाढीचा, गैरहजेरी माफीचा, लवकर सुनावणीचा. नाव बदलायचं, केस नंबर बदलायचा, प्रिंट काढायची. लवकर सुनावणीच्या अर्जात कारणसुद्धा ठरलेलं: ‘अपीलकर्ता हे वयोवृद्ध असून वारंवार आजारी असतात व अंथरुणाला खिळून आहेत. त्यांच्या हयातीत अपिलाचा निकाल लागणे न्यायाचे दृष्टीने आवश्यक आहे.’ हे मी किती जणांच्या नावानं छापून दिलं असेल, देव जाणे. त्यातले निम्मे तर अर्ज न्यायला स्वतः सायकल हाणत आले होते.

तोच मजकूर मी माझ्या बाबांच्या नावानंही छापला. त्याचा पश्चात्ताप मला आजही होतो आणि तो कोणाला सांगायचीही सोय नाही, कारण चूक माझीच होती.

आमचं गाव आरमोरीपासून आत. बाबा आणि मोठेबाबा, म्हणजे त्यांचे थोरले भाऊ, यांच्या धानाच्या बांध्या, म्हणजे भाताची खाचरं, एकाला एक लागून. वर बोडी, म्हणजे गावातला लहान तलाव. बोडीचं पाणी आधी मोठेबाबांच्या बांधीत उतरायचं आणि तिथून धुऱ्यातल्या, म्हणजे मधल्या बांधातल्या, मोरीनं आमच्याकडे यायचं. आजोबांच्या काळापासून असंच चालत आलेलं. एका वर्षी पाऊस मध्येच दडी मारून बसला आणि मोठेबाबांनी ती मोरी चिखलानं बुजवली. बाबांनी फावड्यानं ती उघडली, मोठेबाबांनी पुन्हा बुजवली. मग धुऱ्यावर दोघांची अशी जुंपली की बाया धानाची रोपं रोवणं सोडून बघत उभ्या राहिल्या. मोठेबाबा रागाच्या भरात म्हणाले, “जाय, कोर्टात जाय. कोर्टानं सांगतलं तं सोडतो पाणी.” बाबा म्हणाले, “जातोच. अन निकाल लागल्याबिगर तुह्या दारात पाय ठेवणार नाई, तुह्यासंग शब्द बोलणार नाई.”

दुसऱ्या कोणी म्हटलं असतं तर आठ दिवसांत विरलं असतं. पण बाबा बोललेलं वाक्य परत घेणारे नव्हते. त्याला कारण नाटक, तिथं एकदा बोललेलं वाक्य परत घेता येत नाही. दोघं भाऊ तरुणपणी झाडीपट्टीच्या नाटकात काम करायचे. हिवाळा लागला की वडशाकडच्या मंडळीबरोबर गावोगाव जायचे. मोठेबाबा उंचपुरे, गोरे, म्हणून राजा. बाबा प्रधान. राजाचं रूप देखणं, पण पाठांतराच्या नावानं शंख. मधेच वाक्य विसरायचे. विसरले की घाबरायचे नाहीत, शांतपणे बाबांकडे वळायचे आणि रुबाबात म्हणायचे, “बोला, प्रधानजी.” मग बाबा राजाचं राहिलेलं वाक्यही आपल्याच तोंडून म्हणून टाकायचे. लोकांना वाटायचं, नाटकातच तसं आहे. एका गावात तर राजाचं निम्मं भाषण प्रधानानंच केलं आणि शिट्ट्या राजाला पडल्या. आम्ही लहान असताना मोठेबाबा जेवतानासुद्धा मीठ कमी पडलं की बाबांकडे बघून म्हणायचे, “बोला, प्रधानजी.” आणि बाबा मोठ्या आईला, म्हणजे मोठेबाबांच्या बायकोला, हाक मारून मीठ मागायचे.

असे हे दोघं. तालुक्याच्या कोर्टात बाबा हरले आणि जिल्ह्याच्या कोर्टात अपील टाकलं. त्यानंतर पाऊस इतका चांगला झाला की बोडी काठोकाठ भरायची. ज्या पाण्यासाठी भांडले ते धुऱ्यावरून वाहून नाल्याला जात होतं. मोरी कोणी उघडायला गेलं नाही, बुजवायलाही गेलं नाही. अपील मात्र कपाटात पडून होतं. घरं चार घरांच्या अंतरावर, आणि अबोला तसाच.

मग एक दिवस बाबा माझ्या टेबलापाशी येऊन उभे राहिले. सांगून-सवरून नाही, एकटेच, एसटीनं. मी कोणाचं तरी प्रतिज्ञापत्र छापत होते. ते खुर्चीवर बसले आणि पिशवीतून माझ्यासाठी आणलेली चिंच काढून ठेवली.

“माय, आपली तारीख अलीकडं आणता येत नाई काय?”

मी म्हटलं, “आज काय झालं मधेच?”

“दादाले झटका आला. डावं अंग चालते, उजवं नाई. बोलणं जाऊन राह्यलं त्याचं.”

“तुमाले कोणी सांगतलं?”

“लोक सांगतात ना.” असं म्हणून त्यांनी तोंड फिरवलं.

मोठेबाबांनी मला खांद्यावर बसवून मंडई, म्हणजे दिवाळीनंतरची जत्रा, दाखवली होती. पण मी अशी की वाईट वाटलं की आधी राग येतो. मी म्हटलं, “मग तारीख कशाले पायजे? चार घरं सोडून तं राहतात. आज जा, बसा त्यायच्याजवळ.”

“बोललो हाओ मी. चार लोकायच्या समोर बोललो.”

“मग अपील काढून घ्या.”

“काढून घेतलं म्हणजे मी हारून गेलो. निकाल लागू दे. त्याच्या बाजूनं लागला तरी चालते. पण लागू दे लवकर. कोर्टानं सांगतलं का मी जातो.”

त्या हट्टाला काय म्हणावं? मला त्यांना गदागदा हलवावंसं वाटत होतं आणि त्यांच्या गळ्यात पडून रडावंसंही वाटत होतं. दोन्हीपैकी काहीच केलं नाही. त्यांना घेऊन वकिलांकडे गेले.

आमचे वकील वयस्कर, बोलायला मऊ. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. म्हणाले, “अर्ज देऊ. पण कारण अपीलकर्त्याचं लागतं. समोरच्या पार्टीच्या आजारपणाचं कारण आपण कशाला द्यायचं? आणि भावाशी बोलायचं आहे, हे काही कारण होत नाही. वयाचं, तब्येतीचं टाका. तुमच्याकडे मजकूर आहेच.” मीही मान डोलावली. वीस वर्षांत मला हेच तर शिकायला मिळालं होतं, की खरं कारण एक असतं आणि अर्जातलं दुसरं. बाबांच्या बीपीच्या गोळ्यांच्या चिठ्ठ्या जोडल्या आणि ‘अंथरुणाला खिळून आहेत’ खाली त्यांची सही घेतली. बाबांनी वाचलं नाही. मी छापलंय म्हणजे बरोबरच असणार, असा त्यांचा भरवसा.

कोर्टानं समोरच्या बाजूचं म्हणणं मागवलं. माझ्या मनात धाकधूक होती, कारण हरकत घेतली की अर्ज लोंबकळत पडतो. पण मोठेबाबांच्या वकिलानं एका ओळीत लिहून दिलं, ‘हरकत नाही’. खाली मोठेबाबांचा अंगठा होता, डाव्या हाताचा. बाबांनी तो कागद डोळ्यांजवळ नेऊन पाहिला.

“दादा तं सही करे,” ते म्हणाले. “शेवटच्या अक्षराले मोठा वेढा देऊन सही करे.”

अर्जावर सुनावणी ठरली त्या दिवसासाठी वकिलांनी निरोप दिला, बाबांना घेऊन या, म्हातारा माणूस समोर दिसला की बरं पडतं. आता इथं माझी अक्कल बघा. आमच्याकडे माणूस कोर्टात जातो तो चांगलं धुतलेलं घालून जातो. साहेबासमोर गबाळं जायचं नाही, ही आईची शिकवण. बाबा आदल्या दिवशी माझ्याकडे मुक्कामाला आले. मी त्यांचं धोतर निळीत घातलं, सदऱ्याला इस्त्री केली, सकाळी न्हाव्याकडे पाठवून दाढी करवली. वरून गरम दूध पाजलं. निघताना आरशात बघून ते मिशीवरून हात फिरवत होते, जसे पूर्वी रंग लावून झाला की फिरवायचे. मलाही बरं वाटलं. म्हटलं, बाबा अजून कसे ताठ आहेत.

वकिलांनी फाटकातच आम्हाला पाहिलं आणि कपाळावर हात मारला. “बाई, हे काय करून आणलंत? लग्नाला नेता काय यांना?”

तोपर्यंत पुकारा झाला होता.

साहेब वाईट नव्हते, हे मी आधीच सांगते. समोर फायलींचा ढीग होता, तरी त्यांनी मान वर करून बाबांकडे पाहिलं आणि आपुलकीनं विचारलं, “काय बाबा, तब्येत कशी आहे?”

बाबांनी हात जोडले, छाती काढली आणि मंडपातल्या शेवटच्या माणसाला ऐकू जावं अशा आवाजात म्हणाले, “एकदम बरी आहे साहेब. आपल्या आशीर्वादानं.”

मागच्या बाकांवर हशा पिकला. साहेबही हसले. आमच्याकडे तब्येत विचारली की बरी आहे म्हणतात. मरायला टेकलेला माणूससुद्धा तेच म्हणतो. विचारणाऱ्याला आपलं दुखणं ऐकवणं बरं दिसत नाही. हे मला माहीत नव्हतं असं नाही. पण आत जाण्याआधी त्यांना दोन शब्द शिकवून ठेवावेत, हे मला सुचलं नाही.

साहेबांनी अर्ज उचलला. “इथं तर लिहिलंय की तुम्ही अंथरुणाला खिळून आहात.”

बाबांनी वळून माझ्याकडे पाहिलं. मी खाली मान घातली. ते पुन्हा साहेबांकडे वळले. “ते चुकून लिहिलं गेलं असेल साहेब. मी तर काल एसटीत उभ्यानं आलो.”

“मग लवकर तारीख कशासाठी हवी?”

एवढंच सांगायचं होतं. या एका प्रश्नासाठी तर आम्ही तिथं आलो होतो. बाबांनी तोंड उघडलं. पण समोरच्या वकिलाशेजारी मोठेबाबांचा मुलगा उभा होता, माझा चुलतभाऊ, हाताची घडी घालून. बाबांची नजर त्याच्यावर गेली आणि तोंड मिटलं.

“काही नाही साहेब,” ते हळूच म्हणाले. “निकाल लागला असता तर बरं झालं असतं.”

आमच्या वकिलांनी सांगून पाहिलं की समोरच्यांची हरकत नाही. साहेब म्हणाले, “हरकत नसली तरी याहून जुनी अपिलं पडून आहेत. ज्यांची खरीच अडचण आहे त्यांना मागं कसं टाकू? बाबा धडधाकट आहेत. नेमलेल्या तारखेला या.” अर्जावर एका ओळीचा शेरा पडला, नामंजूर.

चहाच्या टपरीवर मी बाबांना नको नको ते बोलले. बरी आहे म्हणायला कोणी सांगितलं होतं, नाटक समजला होता काय, सगळं सगळं. ते बशीत चहा ओतून बसले होते, पीत नव्हते.

“साहेबानं विचारलं. त्याच्या तोंडावर खोटं बोलू काय?”

“मग खरं काऊन नाई सांगतलं?”

“पोरगा उभा होता ना तिथी.” मग म्हणाले, “अन तू तरी खरं कुठी लिहिलं होतं, माय?”

चहा तसाच ठेवून ते एसटी स्टँडकडे निघाले, आणि मी त्यांची पिशवी घेऊन मागं मागं चालले.

नेमलेली तारीख पावसाळ्यानंतरची होती. मोठेबाबा रोवणं चालू असतानाच गेले. दोन्ही बांध्यांत पाणी भरलेलं होतं. मी पोचले तेव्हा अंगणात माणसं जमली होती आणि बाबा बाहेर रस्त्यावर, कडुलिंबाखाली उभे होते. दारात पाय ठेवला नाही. तिरडी बाहेर आली तेव्हा पुढं झाले आणि खांदा दिला. नदीपर्यंत बदलला नाही. लोक म्हणत होते, दुसऱ्याला द्या भाऊ, पण ते ऐकेनात. सगळे रडत होते. बाबांच्या तोंडून आवाज निघाला नाही. तेव्हा काही जण म्हणाले, काळीज दगडाचं आहे याचं. मी त्यांना काय सांगणार होते?

तारीख आली तशी बाबा आले. या वेळी मी काही केलं नाही आणि त्यांनीही केलं नाही. दाढी वाढलेली, सदऱ्याचं वरचं बटण तुटलेलं. पट्टेवाल्यानं बाबांचं नाव पुकारलं, मग मोठेबाबांचं. कागदावर अजून तेच नाव होतं ना. दोनदा पुकारलं. समोरचा वकील उठून म्हणाला, प्रतिवादी मयत आहेत. साहेबांनी सांगितलं, वारसांची नावं लावायचा अर्ज द्या. वही पुढं सरकवताना त्यांची नजर बाबांवर पडली आणि ओळख पटली असावी.

“बाबा, तुम्हीच ना ते लवकर तारीख मागणारे? तब्येत कशी आहे?”

बाबांनी बाकाला धरलं होतं. काहीतरी म्हणाले ते कोणाला ऐकू गेलं नाही. साहेबांनी पुन्हा विचारलं.

“बरी नाई साहेब,” बाबा म्हणाले. “माझा भाऊ गेला.”

साहेबांनी फाईल मागं उलटली, दोन्ही नावं वाचली. आडनाव एक, गाव एक, बापाचं नाव एक. त्यांनी पेन खाली ठेवलं. “त्यांच्यासाठी हवी होती तारीख?”

बाबांनी मान हलवली.

“हे अर्जात लिहायचं होतं,” साहेब म्हणाले. रागावून नाही, अगदी हळू आवाजात. मी मागच्या बाकावर बसले होते. ते त्यांनी बाबांना म्हटलं, पण ते माझ्यासाठी होतं.

त्याच दिवशी बाबांनी अपील काढून घेतलं. त्याचाही ठरलेला मजकूर माझ्याकडे आहे, ‘आपसात तडजोड झाल्याने’. मी तो उघडलासुद्धा नाही. कोरं पान घेतलं आणि म्हटलं, बाबा, तुम्ही सांगा. त्यांनी सांगितलं, माझं भावाशी काही भांडण नाही, मला अपील चालवायचं नाही. तेवढंच छापलं. वकिलांनी वाचलं, एक अक्षर बदललं नाही.

मी त्यांच्याबरोबर गावाला गेले. एसटीतून उतरून ते आमच्या घराकडे वळलेच नाहीत. सरळ मोठेबाबांच्या दाराशी गेले, चपला काढल्या, आत पाय ठेवला. मोठ्या आईनं पाणी आणून दिलं. ओसरीवर दाराजवळ जिथं मोठेबाबांची खाट असायची ती जागा रिकामी होती. बाबा तिथं जमिनीवर बसले.

मोठी आई त्यांच्यासमोर बसली. “भाऊजी, झटका आल्यावर त्यायचं सगळं बोलणं गेलं होतं. पोराचं नाव घेता येत नव्हतं, पाणी मागता येत नव्हतं. एकच राह्यलं होतं. तुमी रस्त्यानं खाकरत गेले का दाराकडं तोंड करत अन म्हणत, बोला, प्रधानजी. महिनाभर साफ म्हणत. मग नुसतं बो, बो करत. मग तेही गेलं. तुमाले सांगाले येऊ म्हणत होतो, पण केस चालू होती.”

बाबांनी हातातला पेला खाली ठेवला.

“मले ऐकू येत होतं, वहिनी,” ते म्हणाले. “रोज ऐकू येत होतं. म्हणून तं तारीख मांगाले गेलो होतो.”